दारापुढची तीन हात जागा

आमच्या दुकानात पहिलं पाऊल टाकलं ते बैलानं. गिऱ्हाइकानं नव्हे. दुकान मांडल्याचा दुसरा दिवस होता. मी जाजम झटकून अंथरत होते. मागे चाहूल लागली म्हणून हसतमुखानं वळले, तर एक पांढरा बैल पायरीवर पाय ठेवून लुगड्यांच्या घड्यांकडे बघत होता. मी त्याला हाकलला आणि त्याच्या मालकाला चार शब्द सुनावले. मालक पागोटं सावरत म्हणाला, "आक्का, त्येलाबी बघू दे की. बायकूला न्यायाचं आसंल त्येला." त्या दिवशी मलाही हसू आलं. पुढची दोन वर्षं मात्र त्या दारात उभं राहून मी कधी हसल्याचं आठवत नाही.

आमचं घर शहापुरात, अगदी टोकाला. शहापूर तेव्हा संस्थानात होतं आणि बेळगाव इंग्रजांच्या खालसा मुलखात. राज्यं दोन, पण आमच्या लेखी त्याचं एवढंच की भाजी एका राज्यात निवडायची आणि देठं दुसऱ्या राज्यात टाकायची. घर संस्थानात, समोरून जाणारा रस्ता खालसात. मधली रेघ नेमकी कुठे, हे विचारायची वेळ कधी आली नव्हती. ही गोष्ट दुसरं महायुद्ध सुरू व्हायच्या दोन-चार वर्षं आधीची.

घराच्या पुढच्या खोलीत माग होता, खड्ड्याचा. जमिनीत कमरेइतका खड्डा असतो, काठावर बसून पाय आत सोडायचे आणि खाली पावड्या दाबत वर धोटा फेकायचा. आमचे हे बाराव्या वर्षापासून त्या खड्ड्यात पाय सोडून बसलेले. खड्ड्यात बाराही महिने ओल. चाळिशी गाठायच्या आत यांचे दोन्ही गुडघे धरले. सकाळी मागावरून उठायचं म्हणजे मी एका बाजूनं आणि सासूबाई दुसऱ्या बाजूनं असं धरून वर काढावं लागे. वैद्यांनी स्पष्टच सांगितलं, "आणखी दोन पावसाळे त्या ओलीत बसलात, तर पुढं काठीसुद्धा उपयोगाची न्हाय."

म्हणून पुढच्या खोलीत आम्ही लुगड्यांचं दुकान मांडलं. गल्लीतल्या चार मागांवरचा माल आणायचा आणि यांनी जाजमावर बसून विकायचा. दुकान चाललं तर हे वर, नाही चाललं तर परत खाली खड्ड्यात. मी खड्डा बुजवून टाका म्हणत होते. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायचे. त्या म्हणाल्या, "ऱ्हाऊ दे गं. कवा काय वेळ येतीया कुणाला ठावं?" मग मागाचा सांगाडा उतरवून ठेवला, खड्ड्यावर फळ्या टाकल्या आणि वर जाजम. त्या फळ्यांवरून चालताना दर वेळी पायाखाली पोकळ वाजायचं.

आता गाड्यांचं. आमच्या घरापासून हाकेच्या अंतरावर खालसातला जकात नाका होता. येळ्ळूर-वडगावकडून बेळगावच्या बाजाराला जाणाऱ्या गाड्या तिथं थांबायच्या. नाक्यावर एका वेळी एकच गाडी तपासली जायची, त्यामुळे मागे रांग लागायची, आणि ती रांग बरोब्बर आमच्या दारापर्यंत यायची. गाडीवान बैल सोडायचे, गाडीचं जू आमच्या पायरीवर टेकवायचे आणि चाकाच्या सावलीत भाकरी सोडायचे. दारात शेण, कडबा आणि माश्या. दुकानात यायचं तर दोन गाड्यांच्या मधून, बैलांच्या शिंगांना चुकवत, परक्या पुरुषांच्या अंगावरून यायचं. लुगडं घ्यायला बायकाच येतात. कोणती बाई येईल अशी?

माझा स्वभाव तापट. आई म्हणायची, हिला जन्मताना कुणी मिरची चाटवली. मी सगळं करून पाहिलं. गाडीवानांशी भांडले. पायरीवर घागर ओतली, तर गाडीवानांनी बैलांची तोंडं धुऊन घेतली. बाभळीच्या फांद्या आणून दारात टाकल्या, त्यातला पहिला काटा माझ्याच टाचेत गेला. एक म्हातारा गाडीवान मात्र शांतपणे बोलायचा. तो म्हणाला, "आक्का, तुझं खरं हाय. पर म्या गाडी कुठं उभी करू, सांग. डोक्यावर घिऊन बसू व्हय?" त्याचं म्हणणं खरं होतं, म्हणून मी आणखीच ओरडले.

एके दिवशी कडोलीहून लग्नाचा बस्ता खरेदी करायला माणसं आली. बेळगाव ओलांडून इतक्या लांब आली, कारण कुणीतरी आमचं नाव सांगितलं होतं. नवरीची आजी, आई, दोन काकवा आणि पुरुष. बस्ता म्हणजे एका घराची सगळी लुगडी एका दमात. यांनी तर आनंदानं उठायचा प्रयत्न केला. दारात पाच गाड्या होत्या. आजीनं पदर सावरला, एका जुवावरून पाय टाकला, आणि शेजारच्या बैलानं मान हलवली. शिंग लागलं नाही, पण म्हातारी घाबरून मटकन बसली, ती थेट शेणात. काकवांनी तिला उठवलं. नवरीची आई माझ्याकडे बघून म्हणाली, "वैनी, रागावू नका. म्हाताऱ्या माणसाला हितं कसं आणायचं?" आणि ती सगळी माणसं बाजारातल्या मोठ्या दुकानाकडे निघून गेली.

हे संध्याकाळी जाजमाचा कोपरा उचलून फळ्यांकडे बघत बसले. मग म्हणाले, "माग अजून चांगला हाय. नुस्ती पावडीची वादी बदलली की झालं." मी त्या रात्री जेवले नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी डोक्यावर पदर घेऊन मी एकटी बेळगावला कचेरीत गेले.

कचेरीच्या आवारात चिंचेखाली एक म्हातारे गृहस्थ अर्ज लिहून द्यायचे. सगळे त्यांना आण्णा म्हणत. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "दिवाणीत गेलीस तर मनाई हुकूम मिळतोय बाई. पर कुणाच्या नावानं मागणार? आज येळ्ळूरची गाडी, उद्या वडगावची. नोटीस माणसाला लागतीया, गाडीला न्हाय. आधी साधा अर्ज कर. दोन्हीकडं कर, तुमचं घर हद्दीवरचं हाय." मी चार यत्ता शिकलेली; खाली माझी सही मीच केली. एक अर्ज संस्थानच्या कचेरीत दिला, एक खालसातल्या म्युनिसिपालटीत.

दोन्ही उत्तरं आली. संस्थाननं लिहिलं की, अर्जदाराच्या दिवंगत सासऱ्यानं पूर्वी लेखी कळवलेलं आहे की घराची पायरी व तिच्या पुढची जागा खालसात येते, सबब या कचेरीला काही करता येत नाही. म्युनिसिपालटीनं लिहिलं की, अर्जदाराच्या दिवंगत सासऱ्यानं पूर्वी लेखी कळवलेलं आहे की घराची पायरी व तिच्या पुढची जागा संस्थानात येते, सबब. मी दोन्ही कागद शेजारी ठेवून तीनदा वाचले. मामंजींनी पायरी बांधली तेव्हा दोन्हीकडून परवानगीची विचारणा झाली होती. त्यांनी दोघांनाही सांगितलं होतं, तुमच्यात नाही, त्यांच्यात आहे. आमच्या गल्लीत असं करणाराला हुशार म्हणत. त्या हुशारीमुळे आमच्या दारापुढची तीन हात जागा जगातल्या कोणत्याच राज्यात राहिली नव्हती.

मी ते कागद घेऊन पुन्हा चिंचेखाली गेले. आण्णा इतके हसले की त्यांचा चष्मा कागदावर पडला. मग डोळे पुसून म्हणाले, "आता प्रांतसाहेबाकडं जायाचं. ते मॅजिस्ट्रेट हाईत. सगळ्यांच्या वाटेत कुणी अडथळा केला तर तो काढायचा हुकूम त्यांना देता येतोय. पर ती जागा त्यांच्या हद्दीतली वाट हाय, हे आधी ठरायला पायजे. ते जागेवर येतील, संस्थानवाल्यांना बोलावतील, हद्दीचा दगड बघतील आणि मोजतील." मी विचारलं, "कुठला दगड?" ते म्हणाले, "दर हद्दीवर दगड असतोय. तुमच्या गल्लीत असणारच. आन् बघ, त्याला कुणी हात लावलेला नसावा. हद्दीचा दगड हलवणाऱ्याला वर्षभराची कैद हाय."

प्रांतसाहेबांच्या नावानं अर्ज तिथंच लिहून घेतला, कचेरीत दिला, आणि मी घरी आले ती जिंकल्यासारखी. चुलीपाशी बसून आत्याबाईंना सगळं सांगितलं: प्रांतसाहेब येणार, साखळीनं मोजणार, दगड शोधणार. आत्याबाई शेंगा सोलत होत्या. त्यांचे हात थांबले. त्या दिवशी त्या जेवल्या नाहीत, दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी मला म्हणाल्या, "पोरी, अर्ज मागं घे." मी भडकले. मी म्हटलं, तुमच्या मुलाला परत खड्ड्यात बसवायचं आहे का? मग त्या उठल्या, दारात गेल्या आणि पायरीवर पायाचा अंगठा टेकवून म्हणाल्या, "दगूड ह्यो हाय."

मला आधी समजलंच नाही. त्या खाली बसल्या आणि सांगू लागल्या. लग्न होऊन आल्या तेव्हा तो दगड दारापासून तीन हातांवर रस्त्याच्या कडेला उभा होता. मामंजींची सुताची गाडी यायची, ती दगडामुळे दाराला लागत नसे. सुताचे गठ्ठे लांबून वाहून आणावे लागत. एक दिवस भर दुपारी मामंजींनी पहार घेतली, आत्याबाईंनी दुसरं टोक धरलं, आणि दोघांनी दगड उपटला. टाकायचा कुठं म्हणून दारात आडवा घातला, अक्षरं खाली करून. पायरीही झाली. "लोक जात-येत हुते," आत्याबाई म्हणाल्या. "दुपारी केलं म्हणून दगडाचं कुणी इचारलंच न्हाय."

मी त्या पायरीवरून लग्नाचं माप ओलांडून आत आले होते. रोज सकाळी तिच्यावर रांगोळी काढत होते. आणि मामंजींनी तो दगड कशासाठी काढला, तर दारात गाडी उभी करायला. ज्या गाड्यांनी माझं दुकान बुडवलं, त्यांच्यासाठी जागा आम्हीच करून दिली होती. मला इतका राग आला की पायरीला लाथ मारावीशी वाटली. पण समोर सत्तरीच्या आत्याबाई बसल्या होत्या.

हे आतून ऐकत होते. म्हणाले, "अगं, सोड. मी बसतो मागावर. आईला कचेरीत उभी करू न्हाय." मी म्हटलं, "आणि दोन वर्षांनी तुम्हाला उचलून कोण ठेवणार?"   बाहेर एक गाडीवान बैलाला शीळ घालून पाणी पाजत होता. शेवटी आत्याबाईच म्हणाल्या, "अर्ज ऱ्हाऊ दे. मी सांगतो काय सांगायचं ते. माझं आता कितीसं हाय?" आमच्याकडच्या जुन्या बायका स्वतःविषयी असंच "मी जातो, मी सांगतो" बोलतात. मला मात्र त्या वेळी खरंच एखादा पुरुष बोलल्यासारखं वाटलं, आणि धीर आला. भीती होतीच. प्रांतसाहेब यायच्या दिवसापर्यंत यांचे गुडघे वाचवताना मी सासूला तुरुंगात धाडते आहे, असं सारखं मनात यायचं.

ठरल्या दिवशी सकाळी प्रांतसाहेब आले, काळा कोट आणि डोक्यावर रुमाल. संस्थानचे मामलेदार आले. साखळी, नकाशे, शिपाई, आणि गल्लीतले झाडून सगळे लोक. गाड्या नेहमीप्रमाणे रांगेत होत्याच. तो म्हातारा गाडीवानही होता. दोन्ही नकाशांवर दगडाची खूण होती, आणि खूण एकाच जागी होती. मोजणीदारानं साखळी ओढली, पाय ठेवला आणि म्हणाला, "इथं पाहिजे." तिथं एका गाडीचं चाक होतं. चाक सरकवलं. खाली दगड नव्हता.

प्रांतसाहेबांनी लोकांकडे पाहिलं. "इथला दगड कुठं गेला?"   तेवढ्यात आत्याबाई दारातून पुढे आल्या, पदर डोक्यावर घेतला आणि म्हणाल्या, "सायेब, तुमी त्येच्यावरच हुबं हाईसा."

प्रांतसाहेबांनी पायाखाली पाहिलं आणि खाली उतरले. शिपायांनी पहार घालून पायरी उलटली. मातीनं भरलेली अक्षरं होती. शिपायानं ती खराट्यानं साफ केली. डावीकडे खालसाची खूण, उजवीकडे संस्थानची. मामलेदारांचा चेहरा बदलला. "कुणी काढला?" आत्याबाई म्हणाल्या, "मालकानी. त्ये गेले. एक टोक म्या धरलं हुतं." "का काढला?"  आत्याबाईंनी समोरच्या रांगेकडे हात केला. "गाडी हुबी करायला, सायेब."

 मग तो म्हातारा गाडीवान खो खो हसला. त्याच्यामागे रांगेतले बाकीचे हसले, मग गल्ली, आणि मग मी पाहिलं तर प्रांतसाहेबांनी हातरुमालानं तोंड झाकलं होतं. ते बाजूला जाऊन मामलेदारांशी बराच वेळ बोलले. मी आत्याबाईंचा हात धरून उभी होते.  परत येऊन ते कारकुनाला म्हणाले, "लिहा. मूळ दगड घरमालकिणीनं स्वतः दाखवून दिला. काढणारा मयत. उभयतांसमक्ष मोजलेल्या मूळ जागी दगड आजच पुन्हा बसवावा. इतर कारवाईची गरज नाही." मामलेदारांनी मान हलवली आणि सही केली. तेव्हा कुठं मी आत्याबाईंचा हात सोडला.

खालच्या ओळीत हुकूम होता. दगडापासून रस्त्याच्या बाजूची जागा ही सार्वजनिक वाट. तिथं गाडी सोडायची नाही. नाक्यावर येणाऱ्या गाड्यांनी पुढच्या विहिरीजवळच्या माळावर थांबावं, आणि नाक्यानं तिथूनच एकेक गाडी बोलवावी. दगडाच्या अलीकडची तीन हात जागा संस्थानातली, म्हणजे आमच्या दाराची. कुणाला हरकत घ्यायची असेल तर कचेरीत येऊन कारण सांगावं. मी म्हाताऱ्या गाडीवानाकडे पाहिलं. तो म्हणाला, "आक्का, माळावर झाड हाय, पानी हाय. हे आदीच का न्हाय केलंत?" हरकत घ्यायला कुणीच गेलं नाही. आणि हुकुमाचं राहू दे, खुद्द त्या दगडालाच गाडीवान इतके भ्यायचे की चाक घासेल म्हणून रस्त्याच्या पलीकडच्या कडेनं गाडी हाकायचे.

पुढच्या लगीनसराईत कडोलीची तीच आजी धाकट्या नातीचा बस्ता घ्यायला आली. मामंजींच्या पायरीच्या जागी आम्ही नवी पायरी घातली होती, साध्या दगडाची. म्हातारीनं आधी वाकून तिच्यावर हात फिरवला आणि विचारलं, "ही तरी तुमचीच न्हवं?" गल्लीतली गोष्ट कडोलीपर्यंत गेली होती.

पण मला सगळ्यांत जास्त आठवतो तो दगड बसवल्याचा दिवस. साहेब लोक गेले. गड्यांनी खड्डा खणून दगड उभा केला, भोवती माती चोपली, आणि उरलेल्या मातीचा ढीग दारात तसाच टाकून गेले. दोन पाट्या भरतील इतकी माती. मी ती पाटीत भरली. हे म्हणाले, "माती कशाला आणतीस घरात?" मी जाजम गुंडाळलं, फळ्या एकेक करून उचलल्या आणि पाटी मागाच्या खड्ड्यात उपडी केली. दोन पाट्यांनी काय होणार? तळसुद्धा झाकला नाही. मी परसात जाऊन आणखी खणू लागले. आत्याबाई दुसरी पाटी घेऊन आल्या. कवा काय वेळ येतीया, असं त्या दिवशी त्या म्हणाल्या नाहीत.

हे काठी टेकत खड्ड्याच्या काठाशी आले आणि बसले. पंचवीस वर्षं ज्यात पाय सोडून बसले, त्यात दोन्ही हातांनी माती लोटू लागले. संध्याकाळपर्यंत खड्डा भरला. आम्ही ती माती चोपली, सारवली, आणि चार दिवसांनी वाळल्यावर वर जाजम अंथरलं. हे त्यावर जाऊन बसले. गुडघे दुमडत नव्हते, म्हणून दोन्ही पाय समोर सरळ पसरले. पायाखाली पोकळ वाजलं नाही. "कोरडं हाय गं," ते म्हणाले. मी आत जाऊन पोटभर रडले, तोंड धुतलं आणि येऊन दुकान उघडलं.